रात्रशाळेचे मास्तर : गोदी कामगार ते चित्रपटकार उस्मान सेम्बेन

मनीऑर्डरचे दिवस आता मागे पडले. पण घरातल्या वयस्कर माणसांना विचारा, मनीऑर्डर म्हणजे काय होते ते ती सांगतील. मुंबईच्या गिरणीत, गोदीत, रेल्वेत राबणारा मुलगा पगार झाला की गावाकडे मनीऑर्डर करायचा. पोस्टमन दारात येण्याआधी बातमी वस्तीभर व्हायची. ज्याची उधारी थकलेली असे तो दुकानदार नेमका त्याच दिवशी सहज म्हणून डोकावून जायचा. आईला सही येत नसे. ती अंगठा उठवायची. साक्षीला कोणी शिकलेला लागायचा आणि फॉर्मच्या खालच्या तुकड्यावर मुलाने लिहिलेल्या दोन ओळी वाचून दाखवायलाही तोच लागायचा. घाम मुलाचा, पैसा घरचा. पण मधे अक्षर आडवे यायचे.

हीच गोष्ट आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरील सेनेगल देशात एका माणसाने १९६८ साली पडद्यावर आणली. चित्रपटाचे नाव 'मंदाबी'. मंदाबी म्हणजे मनीऑर्डर.

डाकार शहरातल्या एका गरीब वस्तीत इब्राहिमा नावाचा गृहस्थ राहतो. दोन बायका, सात मुले आणि हाताला काम नाही. पॅरिसमध्ये रस्ते झाडणारा त्याचा भाचा २५,००० फ्रँकची मनीऑर्डर पाठवतो. त्यातले २,००० मामाला, ३,००० आईला आणि उरलेले २०,००० आपल्यासाठी जपून ठेवायचे, असे कळवतो. इब्राहिमा पोस्टात जातो तर ओळखपत्र मागतात. ओळखपत्रासाठी जन्माचा दाखला हवा. दाखल्यासाठी जन्मतारीख हवी. ती कोणी लिहून ठेवली होती? फोटो हवा, तर फोटोवाला पैसे घेतो आणि फोटो देतच नाही. वर मारही खावा लागतो. इकडे शेजारी उसने मागायला रांग लावतात, दुकानदार तगादा लावतो. शेवटी एक शिकलासवरला, सूटबूटवाला नातेवाईक मदतीला येतो, कागदावर मुखत्यारी लिहून घेतो, पैसे उचलतो आणि खिसा कापला गेला म्हणून सांगतो. हातात न आलेल्या पैशाने इब्राहिमाच्या डोक्यावर कर्ज मात्र चढते.

आम्ही हा चित्रपट घरी लहान पडद्यावर पाहिला. बोलणे वोलोफ भाषेतले, खाली इंग्रजी ओळी. त्या वाचून शेजारी बसलेल्या आत्याला आम्ही मराठीत सांगत होतो. आत्याने ३० वर्षे लोकांकडे धुणीभांडी केली. शाळेचे तोंड पाहिले नाही. थोड्या वेळाने तिने हात वर करून आम्हाला थांबवले. "सांगू नगं, कळतंय मला. उद्या ये म्हनतोय त्यो खिडकीवाला."

रेशनकार्डासाठी, जातीच्या दाखल्यासाठी ज्यांनी कचेरीच्या खिडक्या पालथ्या घातल्या, त्यांना ती खिडकी कळायला भाषा लागत नाही. आत्याच्या त्या एका वाक्याने आम्हाला हा लेख लिहायला लावला. सेनेगलच्या वस्तीतली गोष्ट आपल्या वस्तीतल्या निरक्षर बाईपर्यंत पोचवणारा हा माणूस होता तरी कोण? त्यांचे नाव उस्मान सेम्बेन. ते कोणा श्रीमंताचे चिरंजीव नव्हते की कॉलेजात शिकलेले नव्हते. गोदीत ओझी वाहून ज्याची पाठ मोडली असा तो एक कामगार होता.

कोळ्याचा मुलगा

उस्मान सेम्बेन यांचा जन्म १९२३ साली सेनेगलच्या दक्षिणेकडील कासामान्स भागात, झिगिंशोर या गावी झाला. वडील कोळी होते. सेनेगल तेव्हा फ्रेंचांच्या ताब्यात होते. शाळेत फ्रेंच, कचेरीत फ्रेंच, कोर्टात फ्रेंच. घरात आणि बाजारात मात्र वोलोफ, जोला अशा लोकांच्या बोली. म्हणजे माणूस जन्माला येई एका भाषेत आणि त्याचा न्याय होई दुसऱ्याच भाषेत.

उस्मानची शाळा तेराव्या-चौदाव्या वर्षीच सुटली. मुख्याध्यापकाने हात उगारला तेव्हा या पोरानेही उलट हात उचलला, म्हणून काढून टाकले, असे सांगतात. वडिलांबरोबर मासेमारीला जावे, तर बोट लागायची. मग पोराला डाकारला धाडले. तिथे त्याने गवंडीकाम केले, मेकॅनिकच्या हाताखाली काम केले, मिळेल ते केले. चार पैसे हातात आले की संध्याकाळी सिनेमाला जाऊन बसायचे, हा नाद तेव्हापासूनचा. पडद्यावर दिसायचे ते मात्र सगळे गोरे साहेब. काळा माणूस दिसलाच तर तो नोकर किंवा भाले घेऊन नाचणारा.

दुसऱ्या महायुद्धात उस्मानला फ्रेंच सैन्यात भरती केले गेले. आफ्रिकेतल्या हजारो काळ्या जवानांनी फ्रान्सच्या स्वातंत्र्यासाठी रक्त सांडले. युद्ध संपत आले आणि १ डिसेंबर १९४४ रोजी डाकारजवळच्या थियारोय छावणीत काय घडले? परत आलेल्या काळ्या सैनिकांनी आपला थकलेला पगार मागितला. त्याबद्दल फ्रेंच सैन्याने त्यांच्यावर गोळ्या चालवल्या. सरकारने आधी मृतांचा आकडा ३५ सांगितला. कित्येक इतिहासकारांच्या मते तो शेकड्यांत आहे. सेम्बेन यांनी ४४ वर्षांनी, १९८८ साली, यावर 'थियारोयची छावणी' हा चित्रपट सहदिग्दर्शक थिएर्नो फाती सो यांच्यासह केला. त्याला व्हेनिसच्या महोत्सवात मोठे पारितोषिक मिळाले. फ्रान्समध्ये मात्र तो कित्येक वर्षे दाखवला गेला नाही. ते हत्याकांड होते, हे फ्रान्सच्या राष्ट्राध्यक्षांनी स्पष्ट शब्दांत मान्य केले ते २०२४ साली, म्हणजे घटनेला ८० वर्षे होत आल्यावर. चित्रपट तेच ३६ वर्षे आधी सांगून मोकळा झाला होता.

युद्धानंतर दुसरी एक घटना घडली. डाकार ते नायजर नदी या रेल्वेमार्गावरच्या आफ्रिकी कामगारांनी १० ऑक्टोबर १९४७ रोजी संप पुकारला. गोऱ्या कामगाराला जे हक्क, जे भत्ते, ते आम्हालाही द्या, ही मागणी. संप चालला १९ मार्च १९४८ पर्यंत. पाच महिने चुली थंड होत्या. गिरणी संपाचे दिवस ज्या घरांनी काढले आहेत, त्या घरांना पाच महिने म्हणजे काय ते वेगळे सांगायला नको. हा संप सेम्बेन यांच्या मनावर कोरला गेला.

गोदी आणि ग्रंथालय

पोटासाठी सेम्बेन फ्रान्सला गेले. आधी मोटारीच्या कारखान्यात राबले आणि मग मार्सेय बंदरात गोदी कामगार झाले. कामगार संघटनेत शिरले. १९५१ साली ओझी वाहताना पाठीच्या कण्याला जबर दुखापत झाली. महिनोन्‌महिने अंथरुणावर काढावे लागले. हमालाची पाठ गेली की त्याचे सगळेच गेले, असे आपण म्हणतो. सेम्बेन यांनी त्या दिवसांत पुस्तके धरली. संघटनेच्या ग्रंथालयातली पुस्तके एकामागून एक वाचून काढली. ज्याची शाळा चौदाव्या वर्षी सुटली होती, तो माणूस तिशीत पुन्हा शाळेत बसला; फक्त ती शाळा त्याची त्यानेच काढलेली होती.

वाचता वाचता त्यांच्या लक्षात एक गोष्ट आली. पुस्तकांत आफ्रिका होती, पण आफ्रिकी कामगार नव्हता. मग त्यांनी स्वतःच लिहायला घेतले. १९५६ साली त्यांची पहिली कादंबरी प्रसिद्ध झाली. नाव होते 'काळा गोदी कामगार'. १९६० साली रेल्वे संपावरची मोठी कादंबरी आली, 'देवाची लाकडे'. नाव विचित्र वाटेल, पण त्यामागे लोकसमजूत आहे. माणसे मोजली तर त्यांचे आयुष्य घटते, म्हणून माणसे न म्हणता 'देवाची लाकडे' म्हणून मोजायची. या कादंबरीत संपकऱ्यांच्या बायका थिएसपासून डाकारपर्यंत पायी मोर्चा काढतात. नळाचे पाणी तोडले, दुकानदाराने उधारी बंद केली, पोरे उपाशी. तरी त्या चालतात. संप पुरुषांनी पुकारला असेल, पण तो टिकवला बायकांनी, हे सेम्बेन ठामपणे सांगतात.

ज्यांच्यासाठी लिहिले त्यांना वाचता येईना

१९६० साली सेनेगल स्वतंत्र झाले. सेम्बेन मायदेशी परतले, आफ्रिकेत हिंडले, नदीकाठची गावे पाहिली. तोवर लेखक म्हणून युरोपात नाव झाले होते. पण ज्या रेल्वे कामगारांवर, ज्या मोर्चेकरी बायांवर त्यांनी लिहिले होते, त्यांच्या हातात ती कादंबरी दिली असती तर काय झाले असते? त्यांनी ती उलटसुलट करून पाहिली असती आणि कौतुकाने परत दिली असती. पुस्तक फ्रेंच भाषेत होते, आणि सेनेगलमधल्या बहुसंख्य लोकांना तेव्हा फ्रेंच वाचता येत नव्हते.

इथे दुसरा कोणी असता तर म्हणाला असता, लोक अडाणी आहेत, त्याला मी काय करू? सेम्बेन तसे म्हणाले नाहीत. लोक पुस्तकापर्यंत येऊ शकत नसतील तर गोष्टीने लोकांपर्यंत गेले पाहिजे, असे त्यांनी ठरवले. आपल्याकडे आंबेडकरी जलशांनी हेच केले होते. ज्याला 'जनता' पत्र वाचता येत नव्हते त्याच्यापर्यंत बाबासाहेबांचा विचार डफ-ढोलकीवरून गेला. सेम्बेन यांनी पडदा निवडला. चित्रपट म्हणजे लोकांची रात्रशाळा, असे ते म्हणत. दिवसभर राबून आलेला माणूस, कडेवर मूल घेतलेली बाई, म्हातारेकोतारे, सगळ्यांनी अंधारात एकत्र बसायचे, बघायचे आणि बाहेर पडल्यावर त्यावर वाद घालायचा. गिरणगावातल्या रात्रशाळांत कंदिलाखाली बसून ज्यांचे वाडवडील शिकले, त्यांना या शब्दाची किंमत आहे.

मग वयाच्या चाळिशीला टेकलेला हा लेखक १९६२ साली मॉस्कोला गेला आणि गॉर्की स्टुडिओत मार्क दोन्स्कॉय या दिग्दर्शकाच्या हाताखाली कॅमेऱ्याची बाराखडी गिरवू लागला. वर्षभराने एक जुना कॅमेरा घेऊन तो परत आला.

याचे महत्त्व समजण्यासाठी आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. १९३४ साली फ्रेंच सरकारने हुकूम काढला होता की वसाहतींमध्ये चित्रण करायचे तर सरकारची परवानगी पाहिजे. आफ्रिकी माणसाला ती मिळण्याची आशा नव्हती. पोलाँ व्हिएरा आणि त्यांच्या मित्रांनी १९५५ साली पहिला लघुपट केला तो पॅरिसमध्ये, कारण मायभूमीत कॅमेरा उभा करू दिला जात नव्हता. म्हणजे आफ्रिकेचे चित्र काढायचे ते साहेबाने, आणि आफ्रिकेने ते मुकाट्याने बघायचे, असा रिवाज होता. हेच व्हिएरा पुढे सेम्बेन यांचे सहकारी झाले.

गाडीवान आणि मोलकरीण

सेम्बेन यांचा पहिला लघुपट 'बोरोम सारेत', म्हणजे गाडीवान. साल १९६३. काळ्या आफ्रिकेत आफ्रिकी माणसाने केलेला पहिला चित्रपट म्हणून तो इतिहासात गणला जातो. लांबी जेमतेम २० मिनिटे. डाकारमधला एक घोडागाडीवाला सकाळी घराबाहेर पडतो. कोणी भाडे देते, कोणी नुसतेच हात हलवते. एक भाट त्याच्या पूर्वजांची थोरवी गातो. त्या थोरवीच्या भरात हा गाडीवान मिळालेले पैसे त्याला देऊन टाकतो. एक बाप मेलेले तान्हे मूल घेऊन कबरस्तानात जातो. कागद बरोबर नाहीत म्हणून त्याला आत घेत नाहीत. शेवटी एक सुटाबुटातला माणूस गाडीवानाला साहेबी वस्तीत घेऊन जातो. तिथे घोडागाडीला बंदी आहे. पोलीस गाडी जप्त करतो. गाडीवानाचे जुने पदक खाली पडते, त्यावर पोलिसाचा बूट पडतो. तो सुटाबुटातला भाडे न देताच पसार होतो.

गाडीवान नुसता घोडा घेऊन रिकाम्या हाताने घरी येतो. बायको काही बोलत नाही. मूल त्याच्या हातात देते आणि आज रात्री आपण जेवणार, एवढे सांगून बाहेर पडते. कुठे जाते, काय करते, हे दाखवलेले नाही. वीस मिनिटांच्या त्या चित्रपटात देश स्वतंत्र झालेला आहे, झेंडा बदललेला आहे आणि गाडीवानाची चूल तशीच आहे.

१९६६ साली सेम्बेन यांचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट आला. त्याच्या फ्रेंच नावाचा अर्थ होतो 'अमक्यांची काळी मुलगी'. नावातच सगळे आले. मुलीला स्वतःचे नाव नाही. ती कोणाची, एवढेच. दियुआना ही डाकारची तरुण मुलगी. एक फ्रेंच कुटुंब तिला मुले सांभाळायला म्हणून आपल्याबरोबर फ्रान्सला नेते. तिथे मुलांच्या जोडीला स्वयंपाक, धुणे, झाडलोट सगळेच गळ्यात पडते. बाहेर जायचे नाही, ओळखीचे कोणी नाही, पगाराचे नाव नाही. पाहुण्यांसमोर तिला शोभेची वस्तू म्हणून उभे करतात. आईचे पत्र येते. ते दियुआनाला वाचता येत नाही, म्हणून साहेब वाचून दाखवतो आणि तिला न विचारता उत्तरही तोच लिहायला बसतो. दियुआना ते पत्र फाडून टाकते. तो कोंडमारा तिला सहन होत नाही आणि शेवटी ती स्वतःचा जीव देते. वर्तमानपत्रातल्या एका छोट्या बातमीवरून सेम्बेन यांनी ही कथा आधी लिहिली आणि मग पडद्यावर आणली. दियुआनाची भूमिका एम्बिसिन तेरेझ जोप या शिवणकाम करणाऱ्या तरुणीने केली. या चित्रपटाला फ्रान्सचे मानाचे झाँ विगो पारितोषिक मिळाले.

चित्रपटाचा शेवट आम्ही विसरू शकत नाही. साहेब दियुआनाचे सामान आणि थकलेला पगार घेऊन डाकारच्या वस्तीत येतो. आईसमोर नोटा धरतो. आई त्या नोटांना हात लावत नाही. पाठ फिरवून निघून जाते. दियुआनाने नोकरीला लागताना साहेबाच्या घरी एक लाकडी मुखवटा भेट दिला होता. तोही साहेब परत घेऊन आलेला असतो. वस्तीतला एक लहान मुलगा तो मुखवटा तोंडावर चढवून साहेबाच्या मागे मागे चालू लागतो. साहेब भरभर चालतो, वळून वळून बघतो. मुलगा थांबत नाही.

आत्याला हाही चित्रपट दाखवला. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "पैसं घेतलं न्हाई ते बरं केलं." काही वेळाने पुन्हा म्हणाली, "पर पोरगी गेलीच की." एवढ्या दोन वाक्यांत या चित्रपटावर बोलण्यासारखे सगळे आले, असे आम्हाला वाटते.

मायबोलीचा हट्ट

पहिल्या दोन्ही चित्रपटांत पात्रे फ्रेंच बोलत होती. म्हणजे रात्रशाळा उघडली, पण शिकवणे परक्या भाषेत, अशी गत झाली. 'मंदाबी'च्या वेळी सेम्बेन यांनी ठरवले की आता इब्राहिमा वोलोफमध्येच बोलेल. पैसा फ्रान्सच्या चित्रपट संस्थेकडून येत होता आणि त्यांना फ्रेंच हवी होती. सेम्बेन यांनी दोन चित्रपट चित्रित केले, एक फ्रेंचमध्ये आणि एक वोलोफमध्ये. व्हेनिसमध्ये त्याला परीक्षकांचे खास पारितोषिक मिळाले. पण त्याहून मोठी गोष्ट अशी की डाकारच्या बाजारातल्या बाईला पडद्यावर पहिल्यांदाच आपली बोली ऐकू आली. १९७१ साली त्यांनी 'एमिताई' हा चित्रपट आपल्या कासामान्समधल्या जोला लोकांच्या भाषेत केला. युद्धाच्या काळात फ्रेंच सैन्य गावातला तांदूळ लुटायला येते आणि बायका तो तांदूळ लपवतात, अशी ती कथा.

त्याच सुमारास त्यांनी भाषातज्ज्ञ पाते जान्य यांच्यासह वोलोफ भाषेतले 'काद्दु' हे पत्र सुरू केले. काद्दु म्हणजे शब्द, बोल. 'मूकनायक'चा वारसा सांगणाऱ्या आमच्यासारख्या पत्राला हे वाचून बरे वाटले, हे कबूल केले पाहिजे.

या हट्टाची किंमतही त्यांनी मोजली. १९७७ सालच्या 'सेद्दो' या चित्रपटावर सेनेगलमध्ये बंदी आली. कारण काय दिले असेल? नावाच्या लिखाणात 'द' एकदा लिहायचा की दोनदा! राष्ट्राध्यक्ष लेओपोल्ड सेंगोर हे स्वतः मोठे फ्रेंच कवी. त्यांच्या सरकारी नियमाप्रमाणे एकच 'द' पाहिजे होता. लोक जसे बोलतात तसे दोन 'द' राहतील, असे सेम्बेन म्हणाले. कित्येक वर्षे चित्रपट अडकून पडला. एक अक्षर काढले असते तर अडचण कदाचित सुटली असती. त्यांनी काढले नाही. खरे कारण चित्रपटात सत्ताधाऱ्यांना टोचणारा जो मजकूर होता त्यात होते, असे जाणकार म्हणतात.

वाचकांनी असे समजू नये की सेम्बेन यांना सगळीकडे यशच मिळाले. सेनेगलमधली थिएटरे आणि चित्रपटांचे वितरण दोन फ्रेंच कंपन्यांच्या हाती होते. पडद्यावर अमेरिकी, फ्रेंच आणि आपल्या मुंबईत तयार झालेले हिंदी चित्रपट चालत. होय, डाकारच्या लोकांना आपली हिंदी गाणी फार आवडत! सेनेगलच्या पडद्यावर सेनेगललाच जागा मिळत नव्हती. म्हणून सेम्बेन आपले चित्रपट घेऊन स्वतः गावोगाव जात, खेळ झाला की लोकांबरोबर बसून चर्चा करत. १९६९ साली वागाडुगू शहरात आफ्रिकी चित्रपटांचा जो महोत्सव सुरू झाला, त्याच्या उभारणीतही ते होते. ४० वर्षांत पूर्ण लांबीचे ९ चित्रपट, एवढीच त्यांची कमाई. फ्रेंचांशी लढलेल्या सामोरी तुरे या राजावर मोठा चित्रपट करण्याचे स्वप्न त्यांनी आयुष्यभर बाळगले. पैशाअभावी ते राहूनच गेले.

उंबऱ्यावरची दोरी

सेम्बेन यांचा शेवटचा चित्रपट 'मूलादे'. २००४ साली तो आला तेव्हा त्यांचे वय ८१ होते. आमच्या माताभगिनींनी तो अवश्य पाहावा, कारण तो सर्वस्वी बायकांचा आहे. आफ्रिकेच्या काही भागांत लहान मुलींची सुंता करण्याची क्रूर प्रथा आहे. त्यात मुली रक्तस्रावाने दगावतात, वाचतात त्या जन्मभर भोगतात. धर्माच्या नावाने आणि लग्न जमणार नाही या भीतीने आयाच मुलींना त्यासाठी पाठवतात. सेनेगलमध्ये १९९९ साली याविरुद्ध कायदा झाला. पण कायदा झाला म्हणून रूढी लगेच मरत नाही, हे आपल्याला कोणी सांगायला नको.

एका खेड्यात सहा मुली या विधीतून पळतात. त्यांतल्या चार कोल्ले नावाच्या बाईच्या घरी आसरा मागतात. कोल्लेने स्वतः ते भोगलेले आहे आणि आपल्या मुलीवर पाते चालू दिलेले नाही. ती घराच्या दारात एक रंगीत दोरी आडवी बांधते. मूलादे म्हणजे अभय. ती दोरी कोणी ओलांडायची नाही, असा गावाचाच जुना नेम आहे. कोल्लेने स्वतः शब्द उच्चारला तरच ते अभय उठते.

गावचे कारभारी खवळतात. बायका रेडिओ ऐकून बिघडल्या म्हणून घराघरातले रेडिओ गोळा करून मशिदीसमोर त्यांचा ढीग रचतात आणि पेटवून देतात. कोल्लेच्या नवऱ्याच्या हाती चाबूक देऊन भर चौकात तिला मारायला लावतात. शब्द उच्चार म्हणून पुरुष ओरडतात, उच्चारू नकोस म्हणून बायका ओरडतात. कोल्ले पडत नाही आणि बोलत नाही. एका फेरीवाल्याला ते बघवत नाही. तो मधे पडून चाबूक थांबवतो. त्याच रात्री गावकरी त्याचा जीव घेतात. चार मुलींपैकी एकीची आई त्या गडबडीत मुलीला गुपचूप घेऊन जाते आणि ती मुलगी पात्याखाली मरते. त्यानंतर मात्र गावातल्या सगळ्या बायका एक होतात आणि सुंता करणाऱ्या बायांच्या हातातून सुऱ्या काढून घेतात.

एक साधी दोरी. तिने चार मुलींपैकी तिघी वाचवल्या. ती बांधली कोणी? शाळा न शिकलेल्या बाईने. कान चित्रपट महोत्सवात या चित्रपटाला एका विभागाचे प्रथम पारितोषिक मिळाले. त्यानंतर तीन वर्षांनी, ९ जून २००७ रोजी, डाकारमध्ये सेम्बेन यांचे निधन झाले.

आपल्यासाठी काय?

सेम्बेन यांच्या आयुष्यातून आम्ही एकच गोष्ट वेचून आपल्यापुढे ठेवतो. आपल्या माणसांची गोष्ट आपल्याच माणसांना समजली पाहिजे, हे मोजमाप त्यांनी कधी सोडले नाही. आज आपली मुले शिकली, पदवीधर झाली, काही लिहू लागली, काही मोबाईलवर चित्रणही करू लागली. ही अभिमानाची गोष्ट आहे. पण त्यांतली किती मुले आपण लिहिलेले आजीला वाचून दाखवतात? घरी आईची बोली तोंडात आली की किती मुले मित्रांसमोर शरमतात? गोदीत राबून लेखक झालेल्या माणसाला युरोपात मान मिळाला होता; तरी तो आईबापांच्या बोलीकडे परत आला, कारण त्याशिवाय आपले शिक्षण आपल्याच लोकांच्या उपयोगाचे नाही, हे त्याला कळले होते.

म्हणून आमची एक सूचना आहे. वस्तीतल्या तरुणांनी एखाद्या रविवारी, विहाराच्या सभागृहात किंवा कोणाच्या मोठ्या खोलीत, भिंतीवर पांढरी चादर लावून 'मंदाबी' दाखवावा. खाली येणाऱ्या ओळी ज्याला वाचता येतात त्याने मोठ्याने मराठीत सांगाव्यात. खेळ संपल्यावर दिवा लावावा आणि पहिल्यांदा सर्वांत वयस्कर बाईला बोलायला सांगावे. मधे कोणी तिचे बोलणे सुधारू नये.

आमच्या आत्याने 'मूलादे' पाहून झाल्यावर एवढेच विचारले, "ती दोरी कसली व्हती? सुताची का काथ्याची?" आम्हाला सांगता आले नाही. आम्ही इतके चित्रपट पाहतो. दोरीकडे इतके निरखून पाहायचे आम्हाला सुचले नव्हते. दुसऱ्या दिवशी आम्ही चित्रपट पुन्हा लावला, या वेळी आत्याच्या शेजारी खाली बसून.